क्लास सुटल्यावरची वीस मिनिटं: ठाण्यातली मुलं, कट्टे आणि नेहमी विचारले जाणारे प्रश्न

सव्वीस वर्षं ठाण्यातल्या एका मराठी शाळेत आठवी ते दहावीला गणित शिकवलं. निवृत्त झाल्यापासून गणिताचं कुणी काही विचारत नाही. लिफ्टमध्ये, भाजीवाल्यापाशी, लग्नाच्या पंगतीत एकच विचारणा असते: "बाई, ही पोरं बाहेर करतात तरी काय?" तेच तेच सांगून दमले, म्हणून एकदा लिहून काढलं. आईबापांचे प्रश्न आहेत, मधे एक सोसायटीवाल्यांचा, शेवटी मुलांचे.

क्लास साडेआठला सुटतो, घर दहा मिनिटांवर आहे. मुलगा सव्वानऊला उगवतो. मधे काय करतो?

उभा असतो. बहुतेक वेळा एवढंच करतो. साडेआठच्या सुमाराला गोखले रोडला किंवा राम मारुती रोडला एक चक्कर मारा. पाठीला सॅक, हातात अर्धा वडापाव, सहा-सात जणांचं टोळकं. बोलणं ऐकलंत तर निराशाच पदरी पडेल. कोणाला किती पडले, कुठल्या सरांची नक्कल, कोणी कोणाला ब्लॉक केलं.

आता त्याच्या दिवसाचा हिशेब मांडू, जुनी खोड आहे. सातची शाळा म्हणजे साडेपाचला उठणं. दीडला घरी. जेवून तासभर आडवं व्हायचं, साडेचारला एक क्लास, साडेसहाला दुसरा. घरी येऊन जेवण आणि उरलेला अभ्यास. यात कोणी शिकवत नाही आणि कोणी बघत नाही असा वेळ मला शोधून दाखवा. तो फक्त क्लास आणि घर यांच्या मधे सापडतो. वीस मिनिटं, फार तर चाळीस. ती कोणी दिलेली नाहीत, त्याने वाटेत कापून घेतली आहेत.

गप्पाच मारायच्या तर घरी माराव्यात. आम्ही कुठे नाही म्हणतो?

घरी हॉलमध्ये आजीची मालिका चालू असते, त्याच हॉलमध्ये धाकटीचा अभ्यास, आणि तुम्ही दर सात मिनिटांनी काहीतरी खायला घेऊन येता. यात तुमचा दोष नाही, घराचा आकारच तेवढा आहे.

पण जागा असती तरी मुलं बाहेर गेलीच असती. भांडण कसं मिटवावं, थट्टा कुठे थांबवावी, आपल्याला नको असलेल्या गोष्टीला चारचौघांत नाही कसं म्हणावं, या गोष्टी आईवडिलांसमोर शिकता येत नाहीत. तुम्ही समोर असलात की मिटवामिटवी तुम्हीच करता.

आमच्या वेळी असं नव्हतं.

होतं. गडकरी रंगायतन १९७८ मध्ये सुरू झालं तेव्हा मी चौदा वर्षांची होते. नाटकाचं तिकीट परवडायचं नाही. मग आम्ही मैत्रिणी लगतच्या तलावपाळीच्या कठड्याशी उभ्या राहून नाटक सुटल्यावर बाहेर पडणारी माणसं बघायचो. कोणाची साडी, कोण नट मागच्या दाराने गेला, एवढ्यावर आठवडा निघायचा. घरी "ग्रंथालयात गेले होते" असं सांगायचं. फरक एकच होता. आम्हा मुलींना दिवेलागणीला घरात यावं लागे, आमच्या भावांना जेवायची हाक येईपर्यंत कोणी विचारत नसे. तो फरक अजून पुरता गेलेला नाही, त्याबद्दल पुढे.

पण कट्ट्यावर बसणारी मुलं वाया जातात, असं म्हणतात.

ज्या शहरात अत्रे कट्टा आहे आणि अभिनय कट्टा आहे, त्या शहरात हे ऐकताना मला गंमत वाटते. साठीच्या माणसांनी कट्टा भरवला की तो सांस्कृतिक उपक्रम, पंधरा वर्षांच्यांनी भरवला की टवाळकी. शब्द एकच, बसणाऱ्यांचं वय तेवढं वेगळं.

वाया जाणारी मुलं मी पाहिली आहेत, थोडीथोडकी नाहीत. त्यांतली बरीचशी कट्ट्यावर नव्हती. ती जिथे होती तिथे कोणाची नजरच पोचत नव्हती. बंद पडलेली इमारत, पार्किंगचं तळघर, कोणाचा तरी रिकामा फ्लॅट. कट्टा रस्त्यावर असतो. पानवाला बघतो, रिक्षावाला बघतो, देवळातून परतणाऱ्या आजी बघतात. मुलांना तिथून हुसकावलं की ती घरी जात नाहीत, आणखी आतल्या गल्लीत जातात. हे ज्याने एकदा पाहिलं तो मुलांना रस्त्यावरून हाकलताना दोनदा विचार करतो.

त्यापेक्षा मॉल बरा नाही का? एसी आहे, गार्ड आहे.

मॉलच्या बाजूने दोन गोष्टी मी मान्य करते: स्वच्छ स्वच्छतागृह आणि भरपूर उजेड. मुलींच्या आया मॉलला पटकन हो म्हणतात त्याचं कारण हेच. तलावाकाठी तीन तास बसायचं तर मुलीने जायचं कुठे, याचं उत्तर महापालिकेपेक्षा विवियानासारख्या मॉलने आधी दिलं.

पण मॉल हे दुकान आहे. तिथे बसण्याचं भाडं बर्गरच्या किमतीत घेतात. पाच जणांत एक फ्राइज घेऊन दीड तास काढायची कसरत मुलांना येते, तरी प्रत्येक टोळक्यात एकजण असतो ज्याच्या खिशात नेहमीच कमी असतात. तो हळूहळू "आज नाही जमत" म्हणायला लागतो. गजाननच्या वडापावपाशी त्याला हे म्हणावं लागत नाही, कोणीतरी अर्धा मोडून देतं आणि पिवळी चटणी फुकटच असते. मैत्रीत पैशाची पायरी किती लवकर येते ते मॉल दाखवतो.

मग मुलांनी बसावं कुठे? ठाण्यात जागा आहेत की.

आहेत, आणि इतर शहरांच्या मानाने आपलं नशीब चांगलं. तीसेक तलावांचं गाव आहे. मासुंदा म्हणजे तलावपाळी आहे, पाचपाखाडीजवळ कचराळी, येऊरच्या पायथ्याशी उपवन, घोडबंदरला गायमुखची चौपाटी. कोलशेतला २०२४ च्या फेब्रुवारीत मोठं सेंट्रल पार्क उघडलं, सुंदर आहे, पण तिकीट काढून आत जावं लागतं.

आता या जागा पंधरा वर्षांच्या नजरेने बघा. बागेत घसरगुंडी असते, तिच्यावर चढायला ही मुलं मोठी झाली. झोपाळ्यावर पाटी असते, "फक्त १२ वर्षांखालील मुलांसाठी". व्यायामाची यंत्रं आणि पायवाट काका-काकूंची, सकाळ-संध्याकाळ आरक्षित असल्यासारखी. गवतावर बसू नका. बाकावर बसलं तर "ज्येष्ठ नागरिकांना जागा द्या". खेळायचं म्हटलं तर टर्फ तासाच्या भाड्याने. बारा ते अठरा या वयाचं माणूस शहरात राहतं हे बाग आखणाऱ्याच्या लक्षातच आलेलं नसतं. चार बाक समोरासमोर ठेवा, वर छप्पर टाका, एक दिवा लावा, पाण्याचा नळ द्या. एवढ्याने काम होतं. आपण बाक नेहमी एका ओळीत ठेवतो, थिएटरसारखे. सहाजणांनी ओळीत बसून गप्पा कशा मारायच्या?

मुलगी तेरा वर्षांची आहे. आतापर्यंत खाली खेळायची, आता जातच नाही. तिला आवड राहिली नाही का?

या प्रश्नावर मी जरा थांबणार आहे.

व्हिएन्ना शहरात १९९० च्या दशकात हेच कोडं पडलं होतं. तिथे पाहणी झाली, तर साधारण नऊ-दहा वर्षांनंतर मुली बागेतून नाहीशा होतात असं दिसलं. मुलगे मात्र येत राहतात. कारण साधं निघालं. मोकळ्या मैदानाचा ताबा मुलगे घेत, मुली त्यांच्याशी भांडायला जात नसत, घरी जात. मग तिथल्या मार्गारेटेन भागातल्या दोन बागांची १९९९ मध्ये फेररचना झाली. एका मोठ्या मैदानाचे लहान भाग केले, बॅडमिंटन-व्हॉलीबॉलची सोय केली, पायवाटा सुधारल्या. मुली परत आल्या.

आता आपल्या सोसायटीचं पटांगण डोळ्यांसमोर आणा. संध्याकाळी सहाला कोण खेळतंय? बॉक्स क्रिकेट. मुली कुठे आहेत? गाड्यांच्या कडेने फेऱ्या मारतायत, हातात फोन. म्हणजे त्यांना बाहेर यायचंय, थांबायला जागा नाही, म्हणून चालतायत. मुलीने उभं राहिलं की लोक विचारतात "कोणाची वाट बघतेस?" चालत राहिली की विचारत नाहीत. हे त्यांना कोणी शिकवलेलं नसतं, पण सगळ्यांना येतं.

त्यात याच वयात पाळी सुरू होते, अंगाकडे बघणाऱ्या नजरा कळायला लागतात, आणि घरातून "आता मोठी झालीस" सुरू होतं. तुमच्या मुलीची आवड गेली असं धरून चालू नका. तिला विचारा, खाली कोण असतं आणि कुठे बसावंसं वाटतं. आणि आठवड्यातला एखादा दिवस पटांगणाचा अर्धा भाग बॅडमिंटनला द्या अशी मागणी सोसायटीत तुम्ही करा, तिला करायला लावू नका. एका सोसायटीत हे करून बघितलं. पहिले दोन आठवडे मुलग्यांनी नाकं मुरडली, तिसऱ्या आठवड्यात तेही रॅकेट मागायला लागले.

पावसाळ्यात सगळे येऊरला जायचं म्हणतात. जाऊ द्यावं?

दिवसा, रस्त्याच्या कडेकडेने, चारचौघांत मिसळून असेल तर द्यावं. ओढ्यात उतरायला, धबधब्याखाली जायला आणि अंधार पडल्यावर थांबायला साफ नाही म्हणावं. येऊर संजय गांधी राष्ट्रीय उद्यानात आहे, तिथे बिबटे आहेत, आणि डोंगरावर पाऊस झाला की खालच्या ओढ्याचं पाणी बघता बघता चढतं. वर कोसळतोय ते खाली कळत नाही.

"माझा मुलगा समजूतदार आहे" हे खरंच असेल. एकटा असताना. २००५ साली अमेरिकेत मार्गो गार्डनर आणि लॉरेन्स स्टाइनबर्ग यांनी एक प्रयोग केला. संगणकावर गाडी चालवायची, पिवळा दिवा लागला की थांबायचं की रेटायचं ते ठरवायचं. तेरा ते सोळा वर्षांची मुलं एकटी खेळताना मोठ्यांच्या जवळपास होती. दोन मित्र शेजारी आले की त्यांनी घेतलेला धोका जवळजवळ दुप्पट झाला. चोविशीच्या पुढच्यांवर मित्रांचा काही परिणाम दिसला नाही. धोका कळत नाही म्हणून मुलं पाण्यात उतरतात असं नाही. कळतो, पण मित्र बघतायत याची मजा त्याहून मोठी असते. म्हणून "विचार करून वाग" या उपदेशाचा ओढ्याकाठी उपयोग शून्य. "पाण्यात कोणी उतरलं तर ते माझ्याकडूनच कळेल" असं टोळक्यातल्या एकाला तरी आधी कबूल करायला लावा. तो एक बहुतेक वेळा मिळतो, आणि बाकीच्यांना तो नकोसा वाटत नाही. नाही म्हणायला निमित्त मिळतं त्यांना.

सोळा पूर्ण झाली. क्लासला अ‍ॅक्टिव्हा देऊ का?

नको. सोळाव्या वर्षी मिळणारा परवाना ५० सीसीपर्यंतच्या विनागिअर गाडीचा असतो, आणि तुमची गाडी त्याच्या दुप्पट आहे. मोटार वाहन कायद्याच्या २०१९ च्या दुरुस्तीनंतर अल्पवयीन मुलाने गाडी चालवताना गुन्हा केला तर पालक किंवा गाडीमालकाला २५,००० रुपये दंड आणि तीन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते, गाडीची नोंदणी बारा महिन्यांसाठी रद्द होते आणि मुलाला पंचविशीपर्यंत परवाना मिळत नाही. टीएमटीची बस आहे, पाय आहेत.

सिगारेट, व्हेप, हुक्का?

अठराखालच्यांना तंबाखूजन्य वस्तू विकणं गुन्हा आहे, शाळा-कॉलेजच्या १०० यार्डांत तर कोणालाच विकता येत नाहीत. हुक्का पार्लरवर महाराष्ट्रात २०१८ पासून बंदी आहे, ई-सिगारेटवर, म्हणजे व्हेपवर, देशभर २०१९ पासून. व्हेपला वास गोड येतो, म्हणून घरी कळत नाही. खिसे तपासण्याआधी सरळ विचारा. पहिल्या वेळी खोटं बोलतील. दुसऱ्यांदा विचारा, न ओरडता.

दिवाळी पहाटेला मुलीला पाठवावं की नाही? फार गर्दी असते.

नरकचतुर्दशीच्या सकाळी तलावपाळी आणि राम मारुती रोडला जे होतं ते न बघता दिवाळी झाली असं ठाण्यातलं एकही पंधरा ते पंचवीसचं पोर मानत नाही. आईची साडी, भावाचा कुर्ता, ढोल, डीजे, आणि वर्षभर न भेटलेले शाळेतले सगळे. मी तर म्हणेन पाठवाच. हा एक दिवस असा आहे की रस्ता मुलांचा असतो आणि शहर त्याला नावं ठेवत नाही.

काळजी गर्दीची घ्या. फोन पुढच्या खिशात, साडीला भरपूर पिना, पायात चप्पल नको. चुकामूक झाली तर भेटायची जागा आधी ठरवा, कारण तिथे नेटवर्क जातं. गडकरीचा दरवाजा ठरवू नका, सगळे तोच ठरवतात. गर्दीत कोणी अंगाशी आलं तर मुलीने मोठ्याने ओरडावं, "आईला काय वाटेल" हा विचार त्या क्षणी करू नये, हे तिला आदल्या रात्री तुमच्या तोंडून ऐकू द्या.

उपवनला मुलगी एका मुलाबरोबर बसलेली दिसली, असं शेजारणीने सांगितलं.

शेजारीण उपवनला काय करत होती, हे विचारलंत का? असो.

शेजारी बसणं, हातात हात घेणं हा गुन्हा नाही. भारतीय न्याय संहितेचं कलम २९६ सार्वजनिक जागी इतरांना त्रास होईल अशा अश्लील वर्तनाबद्दल आहे, बाकावर बसण्याबद्दल नाही. पण एक गोष्ट दोघांनाही स्पष्ट सांगायला हवी: पोक्सो कायद्यात अठराखालच्या व्यक्तीची लैंगिक बाबतीतली संमती धरली जात नाही, मग दोघांची मर्जी असली तरी. रागाच्या भरात पोलीस ठाण्यात दिलेली तक्रार मग मागे घेता येत नाही, आणि सतरा वर्षांच्या मुलाचं आयुष्य त्यात अडकतं. आधी घरी बोला. शक्यतो मुलीशी, तिच्याबद्दल नव्हे.

पोलिसांनी अडवलं तर?

गयावया करू नये, उर्मटपणाही करू नये, नाव सांगावं आणि घरी फोन लावावा. अठराखालच्या मुलाला कोठडीत ठेवता येत नाही. ताब्यात घेतलं तर आईवडिलांना कळवावं लागतं, आणि प्रत्येक पोलीस ठाण्यात बालकल्याण पोलीस अधिकारी नेमलेला असतो, त्याच्याशी बोलायचंय असं म्हणता येतं. पंधराखालच्या मुलाला किंवा कोणत्याही वयाच्या मुलीला साक्षीसाठी पोलीस ठाण्यात बोलावता येत नाही, पोलिसांनी घरी यायचं असतं. मदत हवी असेल तर १०९८ हा मुलांसाठीचा क्रमांक आहे आणि ११२ सगळ्यांसाठी.

आमच्या सोसायटीच्या गेटशी रोज संध्याकाळी मुलं बसतात. बाक काढून टाकावा असा ठराव आहे.

आमच्याकडे काढला होता. ठरावाला हात वर करणाऱ्यांत मीही होते, खोटं कशाला बोलू. आठवड्याभरात मुलं पार्किंगमधल्या स्कूटरवर बसायला लागली. एकीचा आरसा तुटला, दुसरीच्या सीटवर चटणी सांडली, मग कोणाच्या मुलाने केलं यावर दोन मजल्यांचं बोलणं बंद झालं. सहा महिन्यांनी तोच बाक गंज काढून, रंगवून परत आला. खर्च मेंटेनन्समधून.

त्याऐवजी बाक ठेवा, थोडा आत, खिडक्यांपासून लांब आणि दिव्याखाली सरकवा. कचऱ्याचा डबा शेजारी ठेवा. वेळ मुलांना बोलावून ठरवा. नोटीस बोर्डवरचं ती वाचत नाहीत. आमच्याकडे साडेनऊ ठरली, मुलांनीच दहा मागून साडेनऊवर तडजोड केली. तेव्हापासून वॉचमनला एकदाही उठवायला जावं लागलं नाही, असं मी म्हणणार नाही. दोनदा जावं लागलं.

फोनवर लोकेशन चालू ठेवायला सांगितलं तर चालेल?

येऊरला, मुंबईला, दिवाळी पहाटेला चालेल. क्लासहून घरी येताना रोज ठिपका बघत बसणं ही तुमच्या तब्येतीला चांगली गोष्ट नाही. मुलं शिवाय फोन मित्राच्या सॅकमध्ये टाकून जातात, तुम्हाला ठिपका कचराळीला दिसतो आणि पोरगं भलतीकडेच असतं.

माझा मुलगा कुठेच जात नाही. घरीच असतो. हे चांगलंच ना?

शांत स्वभावाचा असेल तर असू दे. पण आधी जायचा आणि अचानक बंद झाला, तर काहीतरी घडलंय. टोळक्यातून काढलं असेल, कोणी फोटो फिरवला असेल. या प्रश्नाला मी बाकी सगळ्यांपेक्षा जास्त घाबरते, कारण पालक तो समाधानाने विचारतात.

बाई, वॉचमन काका आम्हालाच हाकलतात. मोठे लोक बसले तर काही बोलत नाहीत.

खरं आहे, आणि हे बरोबर नाही. पण काकांना वरून सांगितलेलं असतं, त्यांच्याशी भांडून उपयोग नाही. त्यांचं नाव माहीत आहे का तुम्हाला? विचारा. जाताना वेफरची पाकिटं उचलून जा. मग सोसायटीच्या सेक्रेटरींना चार ओळींचा अर्ज लिहा, खाली सगळ्यांच्या सह्या. मुलांचा अर्ज आला की कमिटीची भंबेरी उडते, मी स्वतः बघितलंय. संयुक्त राष्ट्रांच्या बालहक्क कराराच्या ३१ व्या कलमात खेळाचा आणि फुरसतीचा हक्क आहे, आणि भारताने तो करार १९९२ मध्ये स्वीकारलाय. हे वाक्य अर्जात टाका. कमिटीतली जोशीकाका छाप माणसं याने गप्प होतात.

दहीहंडीच्या पथकात जाऊ का?

चौदाखाली असशील तर नाही, २०१७ मध्ये राज्य सरकारनेच उच्च न्यायालयात तसं सांगितलंय. त्यापुढे असशील तर घरी विचार, आणि सराव करणारं, हेल्मेट आणि हार्नेस वापरणारं पथक बघ. खालच्या थरातही हंडी फोडता येते.

आईला खरं सांगितलं तर ती पाठवत नाही, म्हणून खोटं सांगावं लागतं.

मीही ग्रंथालय सांगायचे. त्याचा तोटा असा की एकदा तलावपाळीच्या पायरीवर पाय मुरगळला, तेव्हा ग्रंथालयात पाय कसा मुरगळला हे सांगता आलं नाही आणि दोन दिवस सुजलेल्या पायाने शाळेत गेले. कोणाबरोबर आहेस आणि किती वाजता येशील, एवढं खरं सांग. बाकीचं हळूहळू जमतं.

बाई, तुम्ही आम्हाला रस्त्यात बघता. घरी सांगणार का?

काय बघितलं त्यावर आहे. वडापाव खाताना, हसताना, कोणाच्या शेजारी बसलेलं बघितलं, तर मी भाजी घेत होते, मला काही दिसलं नाही. अ‍ॅक्टिव्हावर ट्रिपल सीट बघितलं, तर तुम्ही घरी पोचायच्या आत फोन गेलेला असेल.